यादीतलं पाचवं ठिकाण

सिल्व्हर पार्कच्या नाक्यावर परवा पुन्हा तो बॅनर लागला. ‘एक दिवसाचं शहरदर्शन. आपल्या शहरातली मंदिरं आणि बौद्ध स्थळं. बस, नाश्ता, जेवण मोफत.’ वर भाऊंचा हात जोडलेला फोटो, खाली ठिकाणांची यादी. मी रिक्षासाठी उभी होते. आलेली रिक्षा सोडली आणि यादी वाचली. सहा ठिकाणं होती, ती पाच झालीत. पाचव्या क्रमांकावर आता लेणी आहेत. दोन वर्षांपूर्वी त्या जागी काशीमीऱ्याच्या खाणवस्तीतलं बुद्धविहार होतं. त्याचं नाव तिथे यावं म्हणून मी दोन महिने भाऊंच्या ऑफिसच्या पायऱ्या झिजवल्या होत्या. ते यादीतून का गेलं हे बॅनरखालून जाणाऱ्यांपैकी कुणालाच ठाऊक नसेल. मला आहे. म्हणून लिहितेय.

हिवाळा आला, एवढं मात्र बॅनरने कळलं. आमच्याकडे थंडी पडत नाही, धूळ खाली बसते. सकाळी सात वाजता हायवेवर ती अशी लटकलेली असते की समोरच्या ट्रकच्या मागे लिहिलेलंही वाचता येत नाही. भाईंदरच्या खाडीकडे मिठागरांत पांढरे ढीग दिसायला लागतात. उत्तनकडून येणाऱ्या बसमध्ये सुक्या बोंबलांचा वास आधी चढतो, बाया मागून चढतात. मार्गशीर्षातल्या गुरुवारी फुलवाल्यांपाशी पाच पानांचे डहाळे येतात. निवडणूक जवळ असली की याच दिवसांत पुढाऱ्यांना देव आठवतात, आणि देवांना बस लागतात. मला हे दिवस पूर्वी आवडायचे. आता सकाळी खिडकी उघडली की त्या धुळीच्या वासासोबत मला ओल्या सिमेंटचा वास येतो. तो खरा असतो की आठवणीतला, हे ठरवायच्या भानगडीत मी पडत नाही.

मी पत्रकं लिहिते. कॉलेजात होते तेव्हापासून. आमचा पाच-सहा जणांचा गट आहे. नळाला पाणी नाही, पत्रक. गटार उघडं, पत्रक. शाळेच्या दारात दारूचं दुकान, पत्रक. खाली कुणाचं नाव नसतं, ‘समस्त जागरूक नागरिक’ असतं. पत्रकाने मला एक गोष्ट पक्की शिकवली. माणूस ते चालता चालता वाचतो, म्हणून त्यात शंका लिहायची नसते. ‘कदाचित’ नाही, ‘बहुधा’ नाही. मथळा ठसठशीत, वाक्य तोडून, शेवटी उद्गारचिन्ह. मला ते फार चांगलं जमायचं. लोक म्हणायचे, पोरगी बोलते तसं लिहिते. मला वाटायचं ही स्तुती आहे.

खाणवस्ती काशीमीऱ्याला हायवेच्या अलीकडे आहे. पुढे गॅरेजं, टायरवाले, वेल्डिंगच्या ठिणग्या; मागे डोंगराचा कापलेला कडा. पूर्वी तिथे दगडाची खाण होती. जालन्याकडून दुष्काळात आलेली माणसं खाणीत कामाला लागली आणि खाण बंद पडल्यावर तिथेच राहिली. विहार त्यांनी स्वतः बांधलं. खाणीतला काळा दगड डोक्यावर वाहून कमरेइतकी भिंत, त्यावर विटा, त्यावर पत्रा. दारापाशी एक घोटीव काळा दगड बसवला होता. त्यावर बांधणीचं साल आणि दगड वाहिलेल्या सगळ्यांची नावं छिन्नीने कोरलेली. अक्षरं वाकडीतिकडी, एकाच्या नावातला काना शेजारच्याच्या नावात घुसलेला. त्या नावांत सुमनमावशीच्या नवऱ्याचं नाव होतं. तो खाणीतल्याच खोकल्याने गेला. सुमनमावशी म्हणजे वस्तीतली सगळ्यात जुनी बाई. रविवारी सकाळी विहार झाडणं तिचं, तिथे दुसऱ्या कुणी झाडू धरलेला तिला खपत नसे.

आणि या विहारावर रस्ता येत होता. हायवेला मिळणारा जोडरस्ता रुंद व्हायचा होता आणि आखणीची लाल रेघ विहाराच्या मधून गेली होती. रस्त्याचं काम बघणाऱ्या माणसांना वस्तीत नुसतं ‘रस्तेवाले’ म्हणतात, मीही तेच म्हणते. रस्तेवाले येऊन मापं घेऊन गेले. विहार वाचवायचं, एवढंच त्या हिवाळ्यात आम्हाला करायचं होतं.

भाऊ म्हणजे आमच्या भागातले होऊ घातलेले नगरसेवक. तेव्हाही होऊ घातलेले होते, आजही आहेत. त्यांनी शहरदर्शनाची टूम काढली होती आणि यादीत बौद्ध स्थळ म्हणून नुसती लेणी होती. मी भांडायला गेले.

“लेणी आपल्या शहरात येतच नाहीत, भाऊ. बोरिवलीत येतात.”

“अगं, जवळच आहेत. आणि लोकांना आवडतात.”

“जिवंत विहार आहे ना इथे. लोक रोज वंदना करतात तिथे. ते घाला.”

भाऊंनी चहा संपवला. मग म्हणाले, “हे बघ पोरी, इंद्रलोकच्या बिल्डिंगांतल्या बायका पत्र्याच्या शेडमध्ये उतरतील का? चपला कुठे काढायच्या तिथूनच सुरुवात करतील. जरा देखणं करा. चार बस लोक बघून गेले, पेपरात फोटो आला, की मग कुणाची टाप आहे हात लावायची?”

मला हे पटलं. लाज वाटते लिहायला, पण पटलं. मला वाटलं, यादी म्हणजे ढाल. यादीत नाव असलेल्या जागेवर बुलडोझर येत नाही. मी वस्तीत गेले आणि भाऊंचंच वाक्य माझं असल्यासारखं सांगितलं.

मग जो आनंद झाला, तेवढा मी त्या वस्तीत आधी पाहिला नव्हता. विलास, सुमनमावशीचा मुलगा, टाईल लावणारा कारागीर. इंद्रलोकच्या कितीतरी बिल्डिंगांचे बाथरूम त्याच्या हातचे. तिथल्या उरलेल्या टाईल मालकांना विचारून गोणीतून घेऊन आला. एका दर्शनी भिंतीत चार बाथरूमचे चार रंग जमले आणि त्याने ते असे काही मांडले की नक्षीच वाटावी. कुणी पत्र्याखाली पीओपीचं छत केलं. कुणी दाराला पॉलिश. बायकांनी निळ्या-पांढऱ्या पताका शिवल्या. सगळी वस्ती दिवसभर दुसऱ्यांची घरं सजवायची आणि संध्याकाळी आपलं एक.

दर्शनी भिंतीत तो काळा दगड तेवढा राहिला होता. विलासने विचारलं, “आये, ह्यो ठेवायचा का?”

“ठेव की. आपल्या मानसांची नावं हायेत.”

मी मध्ये पडले. “मावशी, चहूबाजूंनी टाईल आणि मधेच एवढा काळा तुकडा. फोटोत ठिगळ दिसेल. आणि नावं पुसतोय थोडीच? टाईलच्या मागे राहतीलच की.”

मावशीने दगडावरून हात फिरवला. मग म्हणाली, “ऱ्हातील ना मागं?”

“राहतील.”

पत्रकासारखं बोलले. शंका न ठेवता.

पत्रकही मीच लिहिलं. शहरदर्शनाच्या आधी सगळीकडे वाटलेलं. ‘खाणवस्तीतलं नव्याने उभारलेलं देखणं बुद्धविहार. आपल्या शहराचं नवं भूषण! अवश्य भेट द्या!’ खाली समस्त जागरूक नागरिक. वस्तीतल्या पोरींनी ते गठ्ठे सिल्व्हर पार्कपासून स्टेशनपर्यंत वाटले. मला ‘जुनं’ हा शब्द लिहायचाच नव्हता. जुनं म्हणजे पत्रा, जुनं म्हणजे झोपडपट्टी, असं त्या बिल्डिंगांतल्या लोकांच्या डोक्यात असतं, आणि ते मला चांगलं ठाऊक होतं, कारण मी तिथेच वाढलेय. आमचं घर परळहून इथे आलं ते वन बीएचके मिळाला म्हणून. आई अजून पाहुण्यांना सांगते, आमच्या बाजूला सगळी चांगली वस्ती आहे.

सहलीचा रविवार. सकाळी साडेसातला बस निघाली. माईक माझ्या हातात, कारण भाऊंच्या मते माझा आवाज छान. पहिल्या सीटवर माझी आई, मांडीवर डबा. तिच्या मागे गुजराती बायकांचा घोळका, थेपल्यांचा वास, मागे रिटायर्ड काका लोक. ड्रायव्हर सारखा विचारायचा, “मॅडम, कितने मिनट रुकना है?” प्रत्येक ठिकाणी पंधरा मिनिटं ठरली होती. देवाला पंधरा मिनिटं, बाथरूमला वीस.

पहिलं ठिकाण जुन्या भाईंदरातली खाडीकाठची गावदेवी. शेंदराच्या थरांखाली मूळ रूप कधीच बुजलेलं. देऊळ नुकतंच ऑइलपेंटने रंगवलेलं, पायरीला हात लावला तर बोटाला हिरवा रंग लागला. तिथे एक कोळीण जाळं बाजूला सारून उठली आणि आम्हाला हळद-कुंकू दिलं. बसमधल्या एका काकांनी तिला विचारलं, “किती जुनं असेल हो देऊळ?”

ती हसली. “आता ता कोन सांगंल? माझ्या आज्याला पन ठावं न्हवता. देवी हाय म्हंजे हाय.”

“पण रंग नवीन दिसतोय.”

“रंग दर सालाला नवाच देतंव. देवीला काय जुनी साडी नेसवायची?”

सगळे हसले. मीही. तिचं काही चुकलं नव्हतं, आजही तिच्याबद्दल माझ्या मनात काही नाही. तिच्या देवीला कुणी कागद मागू नयेच. मला राग आहे तो दुसऱ्याच गोष्टीचा: रंग दोन्हीकडे लागला, आणि वय एकाच ठिकाणी विचारलं गेलं.

मग शंकराचं देऊळ, मग इंद्रलोकजवळचं संगमरवरी मंदिर, तिथे सगळ्यांनी लिफ्टची तारीफ केली. मग टेकडीवरची देवी. ऊन चढलं तेव्हा बस खाणवस्तीत शिरली. रस्ता अरुंद, दोन्ही बाजूंना माणसं उभी, इस्त्रीचे कपडे, पोरांच्या केसांना तेल. विलास पांढऱ्या शर्टात, हात कुठे ठेवावेत ते त्याला कळत नव्हतं. सुमनमावशी दारात, शेजारी स्टुलावर लिंबू सरबताचं पातेलं आणि कुठून कुठून जमवलेले काचेचे ग्लास.

माईकवर मी म्हणाले, “हे आपलं पाचवं ठिकाण. नवं कोरं, देखणं.”

“टाईल्स मस्त हैं,” एक बाई म्हणाल्या. “अपने बाथरूम में सेम है ना?” त्यांच्या नवऱ्याने मान हलवली. त्या बाथरूममध्येही विलासचेच हात असणार, हे मी बोलले नाही. लोक आत गेले, बुद्धासमोर सेल्फी काढले, एकाने विचारलं इथे प्रसाद मिळत नाही का. मग सगळे बाहेर आले आणि सरबतापाशी आले.

“नको नको, आत्ताच चहा झालाय.”

“शुगर है मुझे.”

“माझा आज उपास आहे,” म्हणणाऱ्या काकांनी बसमध्ये चढल्याचढल्या बेसनाचा लाडू काढला. आणि माझी आई, जिने मला लहानपणापासून पाहुणचार शिकवला, ती मावशीच्या हातातल्या ग्लासकडे बघत म्हणाली, “घसा बसलाय हो माझा.” घसा बसलेला नव्हता. सकाळपासून ती मोठ्याने आरत्या म्हणत आली होती.

मी दोन ग्लास प्यायले. तिसरा प्यायला घेतला तेव्हा मावशी म्हणाली, “ऱ्हाऊ दे बाई, पोट दुखंल. आमची पोरं पितील.” रागाने नाही, नेहमीच्या आवाजात. त्यांना सवय होती. मला नव्हती, म्हणून मला जास्त लागलं. असं लागण्यात आपली काही मोठी कमाई नसते, हे मला नंतर कळलं.

दुपारी बोरिवलीच्या जंगलाच्या फाटकापाशी उतरून तिथल्या आतल्या बसने लेण्यांपर्यंत गेलो. तिथे मात्र सगळे फुलले. थंड दगड, झाडं, माकडं, कोरलेल्या पाण्याच्या टाक्या. काका लोक भिक्षूंच्या दगडी बाकांवर आडवे झाले. आई एका उंच बुद्धासमोर डोळे मिटून बराच वेळ उभी राहिली. “काय शांती आहे गं इथे,” ती म्हणाली. ज्या डोंगराचा दगड वस्तीने वाहिला, त्याच डोंगराच्या दगडातून कोरलेला बुद्ध आईला चालत होता. त्याच्याभोवती आता कुणी राहत नाही. त्याच्या दारात सरबत घेऊन कुणी उभं नसतं.

आठवड्याभराने पेपरात बातमी आली. फोटो भाऊंचा होता, मागे गावदेवी.

महिन्याभराने रस्तेवाल्यांची नोटीस आली. ठरावीक सालाच्या आधीचं धार्मिक बांधकाम असेल तर बदली जागा मिळेल, त्यासाठी पुरावा आणा. नंतरचं असेल तर पाडण्यात येईल. वस्तीत लोक हसले. म्हणाले, सोपं आहे. त्या सालाच्या कितीतरी आधीचं आहे, सगळ्यांना माहीत आहे. पण सगळ्यांना माहीत असणं हा पुरावा धरत नाहीत. लाइट शेजारच्या घरातून घेतलेली, त्यामुळे बिल नव्हतं. फोटो होते ते एका पावसाळ्यात घरांत पाणी शिरलं तेव्हा गेले. एका लग्नाचा फोटो कुणाच्या तरी गावाकडून मागवला. त्यात विहाराचं दार होतं, दगड होता, दगडावरची नावंही वाचता येत होती, आणि सालावर बरोब्बर नवरदेवाचा फेटा आला होता. विलासही तेव्हा हसला. “दाजीचा फेटाच नडला बघा.”

माझ्या मोबाइलमध्ये विहाराचे शंभरेक फोटो होते. सगळे टाईल लागल्यानंतरचे. आधीचं मी काढलंच नव्हतं, चांगलं दिसत नाही म्हणून.

“दगड हाय की मागं,” मावशी म्हणाली. “टाईल काढा.”

विलास छिन्नी-हातोडी घेऊन बसला. आम्ही भोवती उभे. पहिली टाईल फुटली, दुसरी फुटली, मागचं सिमेंट निघालं, आणि मग काळा दगड दिसला. त्याच्यावर सगळीकडे बारीक बारीक खड्डे होते, देवी येऊन गेलेल्या चेहऱ्यासारखे. अक्षर एकही नव्हतं. कुठे एक काना, कुठे अर्धी वेलांटी.

“विलास, हे काय?”

तो दगडाकडेच बघत होता. “टाचे मारले होते ना, ताई.”

टाचे मारणं म्हणजे जुन्या गुळगुळीत भिंतीवर छिन्नीने खड्डे पाडणं. नाहीतर सिमेंट धरत नाही, टाईल सुटते. कामचुकार कारागीर हे करत नाहीत. विलास चांगला कारागीर. बापाचं नाव असलेल्या दगडावर त्याने टाचे मारले, कारण टाईल पक्की बसायला हवी होती, पाहुणे येणार होते, आणि ताई म्हणाली होती नावं मागे राहतील. ताईला यातलं काय कळतंय, हे तिला विचारावं असं कुणाच्या मनात आलं नाही. शिकलेल्या माणसाला तसं विचारायचं नसतं.

त्या मधल्या दिवसांबद्दल मला फार काही सांगता येणार नाही. भाऊंना फोन केले. ते म्हणाले, “मी तर यादीत घातलं होतं ना?” आमच्या गटातल्यांनी तीव्र निषेधाचं पत्रक काढू म्हटलं. मसुदा मी लिहायला घेतला आणि पहिल्याच ओळीत अडकले. ‘कित्येक दशकांपासून उभं असलेलं’ असं लिहिलं आणि हात थांबला.

सुनावणीला वस्तीतर्फे मावशी, विलास आणि मी पालिकेच्या ऑफिसात गेलो. सुनावणी घेणारा साहेब वाईट माणूस नव्हता. मावशीला खुर्ची दिली, पाणी मागवलं. लग्नाचा फोटो उजेडाकडे धरून बघितला. मग फाईलमधून एक गुलाबी कागद काढून टेबलावर ठेवला.

“हे पत्रक तुमच्या वस्तीनेच वाटलं ना?”

“हो,” विलास म्हणाला.

“‘नव्याने उभारलेलं.’” साहेबांनी त्या शब्दांवर बोट ठेवलं. “कुणी लिहिलं हे?”

खोलीतला पंखा खडखडत होता. मला एकच वाक्य बोलायचं होतं. मी लिहिलं, आणि खोटं लिहिलं, उगाच चांगलं दिसावं म्हणून लिहिलं. पण त्याच साहेबांच्या शेजारच्या टेबलांवर माझी पाण्याची, गटाराची, शाळेची पत्रकं पडलेली होती. मनात आलं, हे खोटं म्हटलं तर ते विचारतील, मग बाकीच्यातलं खरं काय धरायचं? असं मी स्वतःला सांगितलं. आज वाटतं, ते कारण मी तिथे नाही, घरी येऊन शोधलं. तिथे मी नुसती घाबरले होते.

“माहीत नाही,” मी म्हणाले. “कुणीतरी उत्साहात लिहिलं असेल.”

मावशी टेबलाकडे बघत होती. विलासने माझ्याकडे पाहिलं आणि लगेच मान वळवली.

“म्हणजे वस्तीचंच म्हणणं आहे की नवीन आहे,” साहेब म्हणाले, आणि कागद परत फाईलमध्ये गेला.

आता तिथे रस्ता आहे. चांगला आहे, खोटं कशाला बोलू. काशीमीऱ्याहून घरी यायला दहा मिनिटं कमी लागतात. रिक्षावाले खूश आहेत. बुद्धाची मूर्ती विलासच्या दहा बाय बाराच्या खोलीत आहे. रविवारी वंदनेला बाया आत मावत नाहीत, बोळात प्लास्टिक अंथरून बसतात, आणि मधेच कुणाची बाइक आली की सगळ्याजणी गुडघे आखडून घेतात. यंदाही भाऊंच्या माणसाचा मला फोन आला होता, माईक धरशील का म्हणून. मी नाही म्हटलं. आई जाणार आहे. “लेण्यांना मोकळी हवा असते,” म्हणाली. मी तिला म्हटलं, “घसा सांभाळ.” ती ओशाळली नाही. तिला आठवतही नाही.

राग मला भाऊंचा येतो, रस्तेवाल्यांचा येतो, सरबताला नको म्हणणाऱ्या त्या अख्ख्या बसचा येतो. तो मी लिहू शकते, रोज लिहिते. पत्रकात राग लिहिणं सोपं असतं. त्यात बोट नेहमी समोर असतं.

पाडायचा हुकूम आला तेव्हा, विहार मशीनने पाडू द्यायचं नाही, असं वस्तीने ठरवलं. आपण बांधलं, आपणच उतरवू. ठरलेल्या तारखेच्या आदल्या सकाळी सगळे सुट्टी टाकून आले. पत्रे उतरले, दार उतरलं, विटा एकावर एक रचल्या गेल्या. विलास टाईल अख्ख्या काढायला बघत होता. एकही अख्खी निघाली नाही. बाया पताकांच्या घड्या घालत होत्या. कुणी रडत नव्हतं, घोषणा नव्हत्या, आणि मला घोषणांशिवाय तिथे काय करायचं ते सुचत नव्हतं. सुमनमावशी बाहेर खाटेवर बसली होती. मी तिच्याशेजारी जाऊन बसले.

“मावशी,” मी म्हणाले, “ते पत्रक मी लिहिलं होतं.”

“ठाऊक हाय.”

“कुणी सांगितलं?”

“कोन कशाला सांगंल? वाचलं म्या.”

इतकी वर्षं मी तिला प्रत्येक पत्रक मोठ्याने वाचून दाखवत आले होते, बोट फिरवत, सावकाश. तिने एकदाही मला थांबवलं नव्हतं.

“हितंच शिकले वाचाया,” ती उघड्या पडलेल्या भिंतींकडे हात करून म्हणाली. “दिसभर खाणीत, आन् सांजच्याला हितं पाटी. तू गठ्ठा आनलास त्याच दिवशी वाचलं. इलासला म्हनले, हे ‘नव्यानं उभारलेलं’ चुकीचं लिवलंय पोरीनं. मंग म्हनले, शिकलेली हाय. कायतरी इचार करूनच लिवलं असंल.”

विटा रचल्याचा आवाज येत होता. मला विचारायचं नव्हतं, तरी मी विचारलं.

“आणि त्या ऑफिसात, मावशी? मी माहीत नाही म्हणाले तेव्हा?”

“तवा बी त्येच म्हनले मनात,” ती म्हणाली. “इचार करूनच बोलली असंल.”

मग गुडघ्यावर हात टेकून ती उठली, आणि मूर्ती बाहेर काढणाऱ्यांना हात द्यायला आत गेली.